घर आणि व्यवहार : भिंत काढण्यापूर्वी नवा जामीनदार

दिवाळी आटोपते, चोपडीपूजन होऊन नव्या वर्षाच्या वह्या उघडल्या जातात, पाऊसही पूर्णपणे ओसरलेला असतो. आणि मग व्यापारी कुटुंबांत वर्षभर मनात राहिलेली घरकामे निघतात. कोणाच्या घरी मुलाचे लग्न ठरलेले असते, कोणाला दुकानामागची खोली दुकानात घ्यावयाची असते, तर कोणाला स्वयंपाकघर आणि दिवाणखाना यांमधली भिंत अडचणीची वाटू लागलेली असते. रंग कोणता, फरशी कोणती, कपाटे कोठे, यांची चर्चा चार-चार दिवस चालते. भिंतीचा निर्णय मात्र पुष्कळदा मिस्त्रीशी झालेल्या पाच मिनिटांच्या बोलण्यात होऊन जातो. या पाच मिनिटांविषयीच हा लेख आहे.

पालघर तालुक्यातील मुरबे हे समुद्रालगत, खाडीकाठी वसलेले मच्छीमारांचे गाव. खाडीपलीकडे सातपाटी, आणि आतल्या बाजूस बोईसर व तारापूरची औद्योगिक वसाहत. अशा गावातील एका किराणा व्यापाऱ्याचे घर डोळ्यांपुढे आणावे. पुढे रस्त्याला लागून दुकान, मागे कोठीची खोली, मधोमध नऊ इंची विटांची भिंत. घर मुळात कौलारू व एकमजली. पुढे कुटुंब वाढले तेव्हा कौले उतरवून स्लॅब टाकला आणि त्यावर आणखी दोन खोल्या चढविल्या. आता धाकट्या मुलाला दुकान मोठे करावयाचे आहे.

“पप्पा, मधली भिंत दहा फूट उघडली की दुकान दुप्पट होईल. मिस्त्री म्हणतो, तीन दिवसांचं काम आहे. वर एक गर्डर टाकून देतो.”

“भिंत काढली तर वरच्या खोल्यांचा भार कोण घेणार?”

“गर्डर घेईल.”

“आणि गर्डरचा भार?”

मुलगा क्षणभर थांबला. वडील म्हणाले, “उधारीवर माल देताना हमी कोणाची, हे आपण विचारतो ना? मग इथेही विचारू.”

वडिलांचा हा प्रश्न स्थापत्यशास्त्राच्या कोणत्याही ग्रंथातील पहिला प्रश्न ठरावा इतका अचूक आहे. घरातील प्रत्येक भारवाहक भिंत ही वरच्या भाराची जामीनदार असते. कर्जखात्यात जुन्या जामीनदाराला मोकळे करावयाचे असेल, तर आधी तेवढ्याच ऐपतीचा नवा जामीनदार उभा करावा लागतो, त्याची पत तपासावी लागते, कागद पुरे करावे लागतात. त्यानंतरच जुन्याची मुक्तता होते. भिंतीच्या बाबतीतही क्रम हाच आहे. बहुतेक अपघातांचे मूळ हा क्रम उलटा करण्यात असते.

भाराचा हिशेब

प्रथम रक्कम किती, ते पाहावे. सिमेंट-लोखंडाच्या काँक्रीटचे वजन एका घनमीटरला सुमारे २५०० किलो असते. पाच इंची स्लॅब म्हणजे चौरस मीटरला सुमारे ३१२ किलो. त्यावरील फरशी व खालचा गिलावा यांचे १०० किलो धरले, आणि राहत्या घरातील माणसे व सामान यांसाठी भारतीय मानकांनुसार साधारण २०० किलो धरले, तर चौरस मीटरला एकूण ६०० किलोंच्या वर भार येतो. याउलट, लाकडी पट्ट्यांसह मंगळुरी कौलांचा भार चौरस मीटरला साधारण ६० ते ७० किलोच असतो. कौले उतरवून स्लॅब टाकला त्या दिवशीच जुन्या भिंतीवरील कर्ज अनेक पटींनी वाढले होते. ही नोंद मात्र कोणी कोठे केली नव्हती.

मधल्या भिंतीच्या दोन्ही बाजूंस साडेअकरा फुटांच्या खोल्या असतील, तर दोन्हीकडील अर्धा-अर्धा स्लॅब या भिंतीवर येतो. दोन स्लॅब आणि वरच्या मजल्यावरील नऊ इंची भिंत यांचा मिळून दहा फूट लांबीवरील भार सोळा टनांच्या पुढे जातो. माल भरलेल्या दोन आसांच्या ट्रकएवढे हे वजन झाले. आजवर ते दहा फूट लांबीच्या भिंतीवर आणि तिच्याखालील पायावर सारखे पसरलेले होते. गर्डर टाकला की तेच वजन दोन टोकांशी एकवटते. प्रत्येक टोकाला आठ टनांहून अधिक. म्हणून गर्डर जाड आहे एवढ्याने भागत नाही. टोकाखालील विटा आणि त्याखालील पाया यांना हा एकवटलेला भार पेलेल काय, हा खरा प्रश्न असतो.

भिंत ओळखावी कशी

घराची जात ओळखणे ही पहिली पायरी. भिंतींवर उभे असलेले घर आणि खांब-तुळयांच्या सांगाड्यावर उभे असलेले घर, अशा या दोन मुख्य जाती. कोपऱ्यांत काँक्रीटचे खांब आणि स्लॅबखाली त्यांना जोडणारे बीम असतील, तर मधली साडेचार इंची भिंत बहुधा आडोशाची असते. खांब-बीम कोठेच नसतील आणि भिंती नऊ इंच वा त्याहून जाड असतील, तर त्या सर्वच भारवाहक समजून चालावे. काही घरे संमिश्र असतात: मूळ भाग भिंतींवर, वाढविलेला भाग खांबांवर. अशा घरात अंदाज विशेष फसतो.

त्यानंतर चार गोष्टी पाहाव्यात. वरच्या मजल्यावर त्याच रेषेत भिंत आहे काय? कौलारू घर असल्यास आढे, तुळया व वासे कोणत्या भिंतीवर टेकले आहेत? स्लॅबचा आखूड पल्ला कोणत्या दिशेने आहे? लांबट खोलीत स्लॅबचा बहुतेक भार लांब भिंतींवर जातो. आणि शेवटचे म्हणजे जिना, पोटमाळा किंवा गच्चीवरील टाकी कोणत्या भिंतीच्या आधाराने आहे? हजार लिटरची भरलेली टाकी म्हणजे एक टन पाणी, हे विसरू नये.

काही समजुती मात्र सोडून द्याव्यात. भिंत ठोकून आवाजावरून निर्णय देणे हा पुरावा नव्हे. केवळ जाडीही निर्णायक नाही. हलक्या ब्लॉकची आठ इंची भिंत नुसता आडोसा असू शकते, आणि साडेचार इंची पातळ भिंत शेजारच्या लांब भिंतीला आडवा आधार देऊन तिला कलू देत नसते. अलीकडच्या मोठ्या संकुलांत अ‍ॅल्युमिनियमच्या साच्यांत भिंती व स्लॅब एकत्र ओतले जातात. तेथील बहुतेक भिंती काँक्रीटच्या आणि भारवाहक असतात. त्यांत नवे दार सोडाच, वातानुकूलन यंत्राच्या नळीसाठी मोठे भोक पाडतानाही इंजिनिअरला विचारणे आवश्यक असते. निश्चित उत्तर मिळते ते मूळ नकाशांतून, आणि नकाशे नसतील तर गिलावा काही ठिकाणी काढून, पाया एका जागी उकरून केलेल्या प्रत्यक्ष तपासणीतून.

भिंत माझी, भार सर्वांचा

स्वतंत्र घरात चूक झाली तर ती निदान एका कुटुंबापुरती राहते. बोईसर, पालघर, विरार येथील इमारतींत राहणाऱ्यांची जबाबदारी याहून मोठी आहे. सदनिका खरेदीखताने एकाची असते. तिच्यातून जाणारा खांब मात्र वरच्या प्रत्येक घराचा भार वाहत असतो.

याची किंमत मुंबईने मोजली आहे. २५ जुलै २०१७ रोजी सकाळी घाटकोपर पश्चिमेतील सिद्धीसाई ही इमारत कोसळली आणि १७ जणांचे प्राण गेले. तळमजल्यावरील शुश्रूषागृहाच्या जागेत तेव्हा फेरबदलाचे काम सुरू होते. त्या कामात खांबांना धक्का लावल्याचा आरोप झाला आणि तपासही त्याच दिशेने गेला. त्याआधी २७ सप्टेंबर २०१३ रोजी माझगाव येथील बाबू गेनू मंडईची इमारत पडली होती. तीत महापालिकेच्याच कर्मचाऱ्यांची कुटुंबे राहत होती. ६१ जण दगावले. तेथेही तळमजल्यावरील गोदामातल्या फेरबदलांवर चौकशीत बोट ठेवले गेले. दोन्ही ठिकाणी मेलेल्यांपैकी बहुतेकांचा खालच्या कामाशी काडीचाही संबंध नव्हता.

“आमच्या शेजाऱ्याने भिंत काढली, दहा वर्षे झाली, काही झाले नाही,” असे अनेकदा ऐकू येते. एखादा आधार गेला की भार शेजारच्या आधारांवर सरकतो. त्यांच्यापाशी थोडी राखीव ताकद असते, म्हणून घर उभे राहते. परंतु ती राखीव ताकद खर्ची पडलेली असते. गंगाजळी संपलेली पेढी बाहेरून तशीच दिसते, तसेच हे. पुढे वरच्या मजल्यावर कोणी आणखी एक भिंत काढतो, गच्चीवर दुसरी टाकी चढते, गळतीने लोखंड गंजते, आणि मग साधे निमित्तही पुरते.

पालघर जिल्ह्यात अशी दोन निमित्ते कायमची हजर आहेत. पहिले म्हणजे खारी हवा. समुद्राकाठच्या हवेतील क्षार काँक्रीटमध्ये शिरून आतले लोखंड गंजवितात. गंज फुगतो आणि काँक्रीटचे पापुद्रे सुटतात. मुरब्यासारख्या गावात टाकलेला उघडा गर्डर त्यामुळे स्वस्त पडत नाही. त्याला गंजरोधक लेप आणि काँक्रीटचे आवरण हवे. दुसरे निमित्त भूकंपाचे. नोव्हेंबर २०१८ पासून डहाणू-तलासरी पट्ट्यात धक्क्यांची मालिका सुरू झाली. १ फेब्रुवारी २०१९ रोजीच्या धक्क्याची तीव्रता ४.१ होती. भूकंपात भिंतीला वरचा भार पेलून शिवाय आडवा हिसका सोसावा लागतो. सांगाड्याच्या इमारतीत तर आडोशाच्या भिंतीही या हिसक्याला थोडाफार प्रतिकार करतात. म्हणून तळमजल्यावरील सगळ्याच भिंती काढून मोकळे दालन करणे हे, भिंती भारवाहक नसल्या तरी, धोक्याचे ठरते.

काम करावयाचेच असेल तर

भारवाहक भिंतीत उघडी जागा करता येत नाही, असे मुळीच नाही. मात्र तिला मर्यादा आणि क्रम आहे. कमी बळकटीच्या विटा-दगडांच्या बांधकामासाठी भूकंपाच्या दृष्टीने तयार झालेले भारतीय मानक १३८२८ सांगते की दारे-खिडक्या कोपऱ्यापासून निदान ६० सेंटिमीटर, म्हणजे दोन फूट, दूर असाव्यात आणि सर्व उघड्या जागांची मिळून लांबी भिंतीच्या लांबीच्या एकमजली घरात ५० टक्क्यांहून, दुमजलीत ४२ टक्क्यांहून अधिक नसावी. मुरब्याच्या त्या घरातील भिंत पंधरा फुटांची असेल, तर ४२ टक्के म्हणजे सव्वासहा फूट होतात. मुलाने मागितलेले दहा फूट या मर्यादेच्या कितीतरी बाहेर आहेत.

कामाचा क्रम असा असतो. स्ट्रक्चरल इंजिनिअर तपासणी करून आकडेमोड व नकाशा देतो. नव्या बीमच्या दोन टोकांखाली काय असेल, जुनी भिंत, काँक्रीटचा ठोकळा की स्वतंत्र पाया असलेला खांब, हे तोच ठरवितो. खांब घ्यावयाचे असल्यास ते आणि त्यांचे पाये आधी पुरे होतात. त्यानंतर भिंतीच्या दोन्ही बाजूंनी स्लॅबला टेकू दिले जातात. टेकू नुसत्या फरशीवर उभे न करता जाड फळ्यांवर उभे करतात. खाली आणखी मजला असेल तर तेथेही त्याच रेषेत टेकू देऊन भार जमिनीपर्यंत पोहोचवितात. वरच्या भिंतीचा भार तोलण्यासाठी भिंतीला आरपार भोके पाडून त्यांतून आडव्या तुळया घालतात आणि त्यांनाही दोन्ही टोकांशी टेकू देतात.

मग भिंतीच्या अर्ध्या जाडीची खाच कोरून पहिला बीम बसवितात. तो पक्का झाल्यावर दुसऱ्या बाजूने उरलेली अर्धी जाडी कोरून दुसरा. बीम आणि वरची भिंत यांमधील फट आकुंचन न पावणाऱ्या ग्राऊटने घट्ट भरतात. फट राहिली तर वरची भिंत तेवढी खाली बसते व तडकते. काँक्रीटचा बीम जागेवर ओतला असल्यास, भारतीय मानक ४५६ नुसार, सहा मीटरपर्यंतच्या पल्ल्यात त्याखालील टेकू निदान १४ दिवस काढावयाचे नसतात. एवढे झाल्यावर खालची भिंत उतरवावयाची, तीही वरून खाली, थोडी थोडी, छिन्नी-हातोडीने. मोठ्या ब्रेकरचे हादरे जुन्या चुन्या-मातीच्या जोडकामाला सैल करतात.

कामाच्या काळात घरातील माणसांनी वरच्या मजल्यावर राहू नये. जुन्या तड्यांवर काचेची पातळ पट्टी सिमेंटने चिकटवून तारीख लिहून ठेवावी. पट्टी फुटली तर हालचाल चालू आहे असे समजावे. दार अचानक अडकू लागणे, नवी तिरकी भेग, गिलाव्याची सतत गळती, टेकू वाकणे, करकर आवाज यांपैकी काहीही दिसल्यास काम थांबवून सर्वांनी बाहेर पडावे आणि इंजिनिअरला बोलवावे. सामान काढण्यासाठी थांबू नये.

कागदपत्रे

गावठाणातील घरासाठी ग्रामपंचायतीकडे, शहरात नगरपरिषद वा महापालिकेकडे आधी लेखी विचारणा करावी. निव्वळ अंतर्गत फेरबदलांना काही प्रसंगी परवानगीतून सूट असते; परंतु सूट कागदाची असते, भाराची नव्हे. सहकारी गृहनिर्माण संस्थेत संस्थेची लेखी संमती आवश्यक. उपविधींप्रमाणे १५ ते ३० वर्षे वयाच्या इमारतीची संरचना तपासणी दर ५ वर्षांनी आणि ३० वर्षांवरील इमारतीची दर ३ वर्षांनी करावयाची असते. तो अहवाल हाती घेऊनच भिंतीची गोष्ट काढावी.

घर तारण असल्यास बँकेलाही कळवावे. मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ चे कलम ६६ सांगते की तारण अपुरे पडेल अशा प्रकारे मालमत्तेला कायमची हानी पोहोचविणारे कृत्य कर्जदाराने करू नये. विमा असेल तर विमा कंपनीला फेरबदलाची लेखी सूचना द्यावी, अन्यथा पुढे दावा अडचणीत येऊ शकतो. नकाशे, आकडेमोड, कामाच्या टप्प्यांची छायाचित्रे आणि इंजिनिअरचा पूर्णता दाखला हे सारे खरेदीखताच्या फाइलमध्ये ठेवावे. पुढच्या पिढीला भिंतीत काय दडले आहे, हे त्यातूनच कळेल.

खर्चाचा प्रश्न येतोच. तपासणीचे शुल्क, टेकूंचे भाडे, दोन खांब, दोन पाये आणि काही आठवडे अर्धवट बंद राहणारे दुकान, हे सर्व मिस्त्रीच्या तीन दिवसांच्या अंदाजापेक्षा पुष्कळ अधिक होते. मुरब्याच्या त्या घरात मुलाने हाच हिशेब मांडला असता इंजिनिअरने दुसरा पर्याय सुचविला असता: दोन्ही कोपरे मोकळे सोडून सहा फुटांची उघडी जागा, खाली पाया घेतलेले दोन खांब, वर काँक्रीटचा बीम, आणि माल मांडण्यासाठी उरलेल्या भिंतीवर फळ्या. दुकान दुप्पट झाले नसते. गिऱ्हाईक आतपर्यंत आले असते आणि वरच्या खोल्यांत झोपलेली नातवंडे निर्धास्त राहिली असती.

जैन घरांत ‘जयणा’ हा शब्द लहानपणापासून कानांवर पडतो. पाणी गाळताना, दिवा लावताना, पाऊल टाकताना इतर जिवांची काळजी घ्यावयाची, ही शिकवण चुलीपाशी आणि अंगणात जितकी लागू, तितकीच भिंतीवर पहिली छिन्नी ठेवतानाही लागू आहे. वर कोण राहते, शेजारी कोण राहते आणि त्यांचा भार कोणाच्या खांद्यावर आहे, एवढे विचारून मगच हातोडा उचलावा.